कावळा आणि गुलेल

नागपूर

चि. अथर्वास अनेक आशीर्वाद.

काल जेवताना तू म्हणालास, सरांनी मुलामुलींना एकत्र बसवून पाळी आणि आवाज फुटणं शिकवलं. मी 'वरण वाढ' म्हणून विषय टाळला. पन्नाशीचा बाप आणि लाजला! तोंडाने जमत नाही, म्हणून लिहितो.

१९८९ साली मी महाल भागातल्या शाळेत आठवीत होतो. एकदा मुलींना हॉलमध्ये नेऊन दार लावलं आणि आम्हाला मैदानावर सोडलं. क्रिकेट मिळालं म्हणून आम्ही काही विचारलंही नाही. घरी तुझी आत्या महिन्याचे तीन दिवस वेगळी बसायची. आजी सांगायची, 'कावळा शिवला.' मी खरंच गुलेल घेऊन गच्चीवर गेलो. 'काऊन बसला रे वर उन्हात?' आजीने विचारलं. कावळा टिपतो म्हटल्यावर आत्या आधी हसली, मग रडली. ती का रडली, ते कॉलेजात गेल्यावर उमगलं.

माझ्या अंगात काय चाललंय ते सांगायला रेल्वेलाइनच्या भिंती होत्या. 'गुप्तरोग? निराश होऊ नका.' रात्री चड्डी ओली झाली की वाटायचं, आता आपण खंगून मरणार. शब्द तरी बघ, स्वप्नदोष! दोष कसला त्यात? वयात येताना वीर्य तयार होऊ लागलं की असं होतंच. छातीत दुखरी गाठ लागली तेव्हाही मी कोणाला बोललो नाही. या वयात पुष्कळ मुलांना ती येते आणि बहुधा वर्ष-दोन वर्षांत आपोआप जिरते. तुला लागली तर मला सांग, डॉक्टरांना दाखवून घेऊ.

पुढेही सगळं सरळ घडलं नाही. केंद्राने २००५ला किशोरवयीन शिक्षणाचा कार्यक्रम आणला आणि २००७ला आपल्याच राज्याने लैंगिक शिक्षणावर बंदी घातली. संस्कृती बुडते म्हणे! भिंतीवरच्या वैद्यांनी ती बुडत नव्हती. २०२०मध्ये पुन्हा केंद्रानेच सरकारी नि अनुदानित शाळांसाठी योजना आणली. प्रत्येक शाळेत दोन शिक्षक आरोग्यदूत, शक्यतो एक बाई आणि एक सर. तुझे सर त्यातलेच असावेत.

परवा ताईसाठी पॅड आणायला गेलो. दुकानदाराने पेपरात गुंडाळून काळ्या पिशवीत घालून दिलं आणि मीही मुकाट्याने घेतलं. पुढच्या वेळी तू चल सोबत, पिशवी नको म्हणायला मला जरा धीर येईल.

गुलेलीची गोष्ट आत्याला विचार. ती माझ्याहून रंगवून सांगते.

तुझा,
बाबा