दरीतलं गाणं जुळवून देणाऱ्या ताईंना

आदरणीय ताई,

सप्रेम नमस्कार.

माझ्या कादंबरीतल्या दरीकाठच्या लोकांचं गाणं अखेर उभं राहिलं. ते तुमच्यामुळे, हे चारचौघांत सांगावं म्हणून हे पत्र उघड लिहितेय. तुम्हाला ते फारसं रुचणार नाही, ठाऊक आहे. एवढं एकदा चालवून घ्या.

मी तुमच्याकडे आले ती वाद्यांची नावं मागायला. कल्पित जग म्हटलं की एखादं चांदीच्या नक्षीचं तंतुवाद्य, ते छेडलं की दगडी दारं उघडतात, एवढ्यावर बहुतेकांचं भागतं. तुम्ही वाद्यांबद्दल चकार शब्द काढला नाहीत. विचारलंत ते एवढंच, "दरी रुंद किती?"

असेल पावणेदोनशे मीटरच्या आतबाहेर, म्हटलं मी. "मग गाणं तिथेच ठरलं," म्हणालात आणि पाठकोऱ्या कागदावर आकडे मांडायला घेतलेत. २० अंश तापमानाला आवाज सेकंदाला सुमारे ३४३ मीटर जातो. दरी १७१ मीटर धरली तर पलीकडे पोचायला अर्धा सेकंद, आणि मिनिटाला १२० मात्रांच्या लयीत अर्धा सेकंद म्हणजे एक मात्रा. दोन्ही काठांनी मशालीची खूण बघून एकदम सुरुवात केली, तरी प्रत्येकाला समोरचा एक मात्रा मागेच ऐकू येणार. त्याला सांभाळून घ्यायला जावं, तर दोघंही एकमेकांसाठी रेंगाळतात आणि लय मंदावत जाते. "म्हणून तुझ्या लोकांचा पहिला धडा हाच. समोरच्याचं ऐकायचं, पण त्याच्या मागे जायचं नाही." हे मी एका म्हाताऱ्या गुरूच्या तोंडी जसंच्या तसं घातलंय.

दोन्हीकडचं गाणं एकत्र ऐकू येतं ते फक्त दोरपुलाच्या मध्यावर. तिथे बसायचा मान कोणाचा, यावरून पुढे बरंच रामायण घडतं. त्याचं श्रेयही तुमचंच.

पण खरी गंमत धुक्याची. मशाल दिसेनाशी झाली की एका काठाने सुरुवात करायची आणि दुसऱ्याने ऐकून गाणं उचलायचं. उचलणाऱ्याला सगळं जुळून आल्यासारखं ऐकू येतं. सुरुवात करणाऱ्यापर्यंत मात्र समोरचे सूर पूर्ण सेकंदाने, म्हणजे दोन मात्रांनी पोचतात. तुम्ही टेबलावर बोटांनी ठेका धरलात, मध्येच दोन मात्रा हात उचलून तसाच धरलात आणि म्हणालात, "ही खाली, म्हणजे रिकामी जागा. इथे ते येणार." मग स्वतःच थबकलात. कारण समोरच्या कड्यावर आपटून आपलाच आवाज परत यायलाही तेवढाच सेकंद लागतो! आपला पडसाद कोणता आणि समोरचं माणूस कोणतं, हे ओळखायचं कसं?

तुम्ही त्यावर काढलेला तोडगा मला आयुष्यात सुचला नसता. सुरुवात करणाऱ्यांनी षड्जात (सा) गायचं आणि पलीकडच्यांनी पंचमात (प). षड्ज आणि पंचम यांच्या कंपनसंख्यांचं नातं २:३, त्यामुळे स्वतःचा पडसाद आणि समोरचं उत्तर एकावर एक पडले तरी गोडच लागतात, आणि वेगळे ओळखूही येतात. पलीकडे कोणीच नसेल तर नुसता षड्ज परत येतो. (माझ्या लोकांकडे या स्वरांना दुसरी नावं आहेत, पण इथे आपलीच वापरते.) समोरचं गाव रिकामं झाल्याचं माझ्या नायिकेला असंच कळतं. त्या पानावर एकाही माणसाला मरताना दाखवावं लागलं नाही.

हिवाळ्याचंही तसंच. शून्य अंशाला आवाजाचा वेग ३३१ वर येतो, आणि एका मात्रेत दरी ओलांडायची तर लय १२० वरून ११६ च्या आसपास उतरते. दरीकाठच्यांना तापमापक ठाऊक नाही. थंडीत दरी रुंदावते, असं ते मानतात. ही समजूत माझी, हिशेब तुमचा.

बोलांबाबत तुम्ही स्पेनच्या ला गोमेरा बेटावरच्या सिल्बो गोमेरो या शिट्टीच्या भाषेचा दाखला दिलात. तिथे दऱ्यांपलीकडे निरोप पोचवताना स्पॅनिशचे पाच स्वर दोनच शिट्ट्यांवर भागवतात. युनेस्कोने २००९ मध्ये तिची नोंद घेतली. लांब जाताना व्यंजनं विरतात, हे त्यावरून डोक्यात बसलं आणि मी माझ्या गाण्यांतले जोडाक्षरांचे डोंगर उपसून टाकले. व्हेनिसच्या सेंट मार्क चर्चमध्ये सोळाव्या शतकात समोरासमोर उभे राहून गाणारे गायकगट मात्र मी कथेत आणले नाहीत. कितीही मोठं झालं तरी ते एका छपराखालचं गाणं.

एका बाबतीत मी तुमचं ऐकलेलं नाही. धुक्यात सुरुवात करायचा मान काठांनी आलटूनपालटून घ्यावा, असं तुमचं म्हणणं होतं. माझ्याकडे तो कायम पूर्वेकडच्यांचाच आहे. पिढ्यान् पिढ्या त्यांच्या कानावर समोरचं गाणं दोन मात्रा मागेच पडतंय, त्यामुळे पलीकडच्यांना लयच नाही अशी त्यांची पक्की खात्री. संगीत म्हणून तुमचं बरोबर असेल, पण मला हे वैर हवंय.

या गाण्याची दोन प्रकरणं सोबत जोडली आहेत. मात्रा कुठे घसरल्या असतील तर समासात खुणा करा. भाषा दुरुस्त करायचा मोह झाला तरी आवरा, ते काम संपादकांसाठी राखून ठेवलंय.

तुमची,
दरीकाठची लेखिका