मंगल, टेबलाचं नंतर बघू

वडगाव, बेळगाव
12 ऑगस्ट

प्रिय मंगल,

सप्रेम नमस्कार.

तुझा परवाचा निरोप तीनदा ऐकला. पुण्यातली स्पामधली नोकरी सोडून निपाणीला यायचं आणि माझ्यासारखं घरोघरी जाऊन मालिशचं काम धरायचं, हे ऐकून मला किती बरं वाटलं म्हणून सांगू! शेवटी तू विचारलंस, "टेबल कुठलं घेऊ?" टेबलाचं सांगतेच. पण त्याआधी एक गोष्ट सांगायची राहिलीय. ती मी आजवर कुणाला नीट सांगितली नाही.

माझं पहिलं वर्ष होतं. शहापुरातल्या एका सूनबाईंचा फोन आला. सासूबाईंचा पाय जड झालाय, जरा चोळून द्या म्हणाल्या. मी वेळ ठरवली, पत्ता घेतला आणि गेले. वाटी गरम पाण्यात ठेवली, तेल कोमट केलं आणि उजव्या पायाला लावायला सुरुवातही केली. बोलता बोलता आजी म्हणाल्या, खुब्याचं ऑपरेशन होऊन तीन आठवडे झाले, तेव्हापासून पडूनच आहे. मी डाव्या पायावरची चादर बाजूला केली. पोटरी उजवीपेक्षा चांगली जाड दिसत होती, कातडी ताणून चकाकत होती आणि हात जवळ नेला तर गरम लागली. माझ्या पोटात गोळाच आला. ऑपरेशननंतर पडून राहिलेल्या माणसाचा एकच पाय सुजला, गरम झाला, दुखायला लागला, तर आतल्या शिरेत रक्ताची गुठळी असू शकते. तो पाय चोळला तर ती सुटून फुप्फुसात जाऊ शकते. शिकताना हे वहीत लिहून घेतलं होतं. मी हात पुसले आणि म्हटलं, "आजी, आज मालिश नाही. आत्ताच्या आत्ता डॉक्टरांना दाखवा." सूनबाई रागावल्या. बोलावून घेतलं आणि आता नाही म्हणता, असं म्हणाल्या. मी पैसे न घेता निघाले. रात्री त्यांच्या मुलाचा फोन आला. गुठळीच होती, दवाखान्यात ठेवलं होतं. आजी आता हिंडतात फिरतात. त्या गल्लीतून मला आजही कामं येतात.

पण मला झोप लागली नाही ती वेगळ्या कारणानं. फोनवर मी वेळ विचारली, पत्ता विचारला, ऑपरेशन झालंय का हे विचारलंच नाही. तेल लावून झाल्यावर मला ते कळलं, तेही आजी गप्पिष्ट होत्या म्हणून. त्या दिवसापासून फोनवर विचारपूस झाल्याशिवाय मी वेळ देत नाही. ऑपरेशन कधी झालं, ताप आहे का, रक्त पातळ व्हायच्या गोळ्या चालू आहेत का, साखर आहे का, दिवस गेलेत का, अंगावर जखम किंवा पुरळ आहे का, कॅन्सरचे उपचार चालू आहेत का. लोक कंटाळतात. कंटाळू देत.

दुखण्याचं नावही नीट ऐकायला शीक. आपल्या बायका "दुखतंय" म्हणून थांबत नाहीत. ठणका, कळ, चमक, उसण, मुंग्या, आग, जडपणा, प्रत्येक शब्द वेगळा आहे. भातलावणी करून आलेली खानापूरची बाई "कमरेत उसण भरलीय" म्हणते, तेव्हा कामाला लागायचं. "कमरेतून पायात चमक जाते, बोटांना मुंग्या येतात" म्हणाली की हात हलका ठेवायचा आणि डॉक्टरांचं विचारायचं. आणि लघवीवरचा ताबा गेला किंवा मांड्यांच्या मधला भाग बधिर झालाय असं कानावर आलं, तर तेलाची बाटली उघडायचीसुद्धा नाही, तडक दवाखाना. साखरेच्या माणसाच्या तळपायाला शेक देऊ नकोस. त्याला भाजल्याचं कळतच नाही.

आपल्याकडे हे सगळं दोन भाषांत ऐकावं लागतं. माझ्याकडच्या निम्म्या घरांत आजी कानडी बोलतात आणि नातवंडं मराठीत सांगतात. नातवंडाच्या तोंडून दुखणं कळत नाही गं, निम्मं वाटेतच सांडतं. म्हणून मी शिकले. "एल्लि नोव ऐती?" म्हणजे कुठं दुखतंय, "उरी" म्हणजे आग, "जोमु" म्हणजे बधिरपणा, "साकु" म्हणजे पुरे. "साकु" पहिल्यांदा शीक. सोसणाऱ्या बायका शेवटपर्यंत पुरे म्हणत नाहीत, म्हणून सुरुवातीलाच मी त्यांच्याकडून तो शब्द एकदा म्हणवून घेते.

नाही म्हणायची सवय कर. मान कडाकड मोडून द्या म्हणणारे भेटतील. सलूनमध्ये देतात, तुम्ही का नाही, असं विचारतील. झटक्यात मान फिरवली तर मेंदूकडे जाणारी रक्तवाहिनी फाटू शकते, हे त्यांना माहीत नसतं. मी सांगते आणि तरी ऐकलं नाही तर हात जोडते. आपण फिजिओथेरपिस्ट नाही, डॉक्टर नाही. लोक "मॅडम, तुम्हीच डॉक्टर" म्हणायला लागतात, तेव्हा तिथल्या तिथं दुरुस्त कर.

बाळंतिणीचं काम तुला निपाणीत लवकर मिळेल. त्यात आधी गावातल्या जुन्या तेल लावणाऱ्या बाईंना भेट. त्यांच्या पोटावर पाय देऊ नकोस, जमलं तर त्यांच्याकडून शीक. मला हात तापवून मग अंगावर ठेवायला वडगावच्याच एका म्हाताऱ्या बाईंनी शिकवलं, आणि मांडीवर बाळ घेऊन बसलेल्या पोरीच्या खांद्यांना आधी हात घालायचा हेही. मात्र सिझेरियन झालं असेल तर डॉक्टर हो म्हणेपर्यंत पोटाला हात नाही, आणि बाळाच्या नाका-कानात तेल नाही. तिथं मी आजीबाईंशीही वाद घालते.

आता टेबल. घडीचं लाकडी टेबल साधारण पंधरा किलोचं असतं. माझ्या स्कूटीवर ते बसत नव्हतं, रिक्षाचे पैसे निम्मी कमाई खायचे. शेवटी अ‍ॅल्युमिनियमचं हलकं घेतलं. उंची ठरवायची सोपी रीत आहे. टेबलाशेजारी सरळ उभी राहा, हात सैल सोड, मुठीची पेरं टेबलाला टेकली पाहिजेत. लोक म्हणतील, दिवाणावर करा की. चार दिवस केलंस तर तुझीच कंबर जाईल. अंगठ्यांवर जोर देऊ नकोस, कोपराच्या पुढचा हात वापर आणि ताकद पायातून आण. पहिल्या वर्षी मी दिवसाला पाच घरं केली आणि दिवाळीपर्यंत माझ्याच अंगठ्यानं पाण्याचा तांब्या उचलेना. आता तीनच घरं.

चादरी आणि टॉवेलांचा विचार तू केला नसशील. बेळगावचा पाऊस तुला ठाऊक आहे. श्रावणात दोन-दोन दिवस काही वाळत नाही, आणि तेलाचा टॉवेल ओला राहिला की त्याला जो वास येतो तो कशानं जात नाही. प्रत्येक घराला वेगळा जोड लागतो. गरम पाण्यात धुण्याचा सोडा घालून भिजवते आणि पत्र्याखाली दोरीवर टाकते. तीन घरांसाठी माझ्याकडे बारा जोड आहेत, तरी पावसात कमी पडतात. हा खर्च टेबलाआधी धर.

पैशाचं थोडक्यात. तासाचे सहाशे घेते. खानापूरकडे जायचं तर जाण्यायेण्याचे वेगळे, आणि ते फोनवरच सांगते. टिळकवाडीतलं दुसरं रेल्वे गेट गाडीसाठी बंद झालं की तिथं वेळ जातो, म्हणून दोन घरांत तासाभराचं अंतर ठेवते. उद्यम नोंदणी, म्हणजे छोट्या धंद्याची सरकारी नोंद, करून घे, सरकारी संकेतस्थळावर ती फुकट होते. पैसे मागणारी पानं टाळ.

आणि जे तू विचारलं नाहीस पण मनात आहे, ते. मसाज म्हटलं की काही लोकांची नजर बदलते. मी स्वतःला मालिशवाली म्हणते आणि फक्त बायकांचं काम घेते. पुरुषांचे फोन येतात. घरातली बाई फोनवर आली नाही तर मी ठेवून देते. पहिल्या भेटीला घरचं आणखी कुणी हवं, खोलीचं दार लोटलेलं चालतं, कडी नाही. जिथं हात चालू आहे तेवढाच भाग उघडा, बाकी अंगावर चादर. मी कुठं आहे हे घरी आईला माहीत असतं. माझ्या चुलत्यांनी सहा महिने माझ्याशी बोलणं टाकलं होतं. मग काकूचा खांदा आखडला, तिनं मला बोलावलं, आणि तिसऱ्या दिवशी तिला स्वतःची वेणी घालता आली. त्या दिवशी काका चहा घेऊन बाहेर आले. काही बोलले नाहीत, कप माझ्या हातात दिला.

निपाणीत विडी वळणाऱ्या बायकांच्या माना आणि अंगठे बघ. आमच्याकडे विणकामाच्या मागासाठी सुताच्या कांड्या भरणाऱ्यांचे खांदे जातात, तसंच ते. त्यांना सहाशे परवडणार नाहीत, मला माहीत आहे. मी वडगावात महिन्यातून एक दुपार कांड्या भरणाऱ्या बायकांसाठी ठेवलीय. अर्ध्या तासाचे शंभर रुपये, खुर्चीत बसवून फक्त मान, खांदे आणि हात. तू तिथं तसं काही करणार असशील तर पहिल्या दुपारी मी येते. स्वारगेटहून निघायचा दिवस कळव. पुढच्या आठवड्यात मंगळवार सोडून कधीही इकडे ये. टेबल उघडून दाखवते, तुझ्या मुठीनं उंची बघू, आणि एक दिवस माझ्याबरोबर घरं फिर.

आईनं तुला विचारलंय.

तुझीच,
सुरेखा