पटकथाकाराचे नाव कुठे गेले?

माननीय संपादक,
स.न.वि.वि.

गेल्या रविवारच्या पुरवणीतील ‘मिस्टरीज ऑफ लिस्बन’ या पोर्तुगीज चित्रपटावरचा लेख आवडला. मात्र त्यात दिग्दर्शक राऊल रुइझ, मूळ कादंबरीकार कामिलू कास्तेलू ब्रांकू, इतकेच काय निर्माते पाउलू ब्रांकू यांचीही नावे असताना पटकथाकार कार्लुश साबोगा यांचा उल्लेख एकदाही नसावा, हे खटकले.

ही कथा २०१० साली सुमारे साडेचार तासांचा चित्रपट आणि सहा भागांची दूरचित्रवाणी मालिका अशा दोन रूपांत आली. १८५४ सालच्या त्या कादंबरीत जो तो आपली आपबीती सांगू लागतो आणि एकीच्या पोटातून दुसरी निघते. जन्मणाऱ्या नातवाचा काटा काढण्यासाठी आजोबांनी नेमलेल्या मारेकऱ्याला जिप्सीच्या वेशातले पाद्री दिनिश जास्त पैसे मोजतात आणि ते बाळ अक्षरशः विकत घेतात. पुढे हाच मारेकरी धनाढ्य गृहस्थ होऊन लिस्बनच्या उमरावांत वावरू लागतो, तेव्हा मधे कितीही कथा येऊन गेल्या, मालिकेचा भागही बदलला, तरी प्रेक्षकाला तो सौदा आठवला पाहिजे. ही वीण आधी कागदावर घालावी लागते, आणि ती साबोगांनी घातली.

पोर्तुगालचा हुकूमशहा सालाझार याच्या राजवटीत देश सोडून पॅरिस गाठलेल्या या लेखकाने १९८४ साली दिग्दर्शक अंतोनियू-पेद्रू व्हास्कोन्सेलुश यांच्यासोबत ‘ओ लुगार दु मोर्तु’ हा चित्रपट लिहिला. (शब्दशः ‘मृताची जागा’, पोर्तुगीज बोलीत गाडीतल्या चालकाशेजारच्या आसनाला असे म्हणतात.) २०१२ साली, पंचाहत्तरी ओलांडल्यावर, ‘फोटो’ हा चित्रपट त्यांनी स्वतः दिग्दर्शित केला.

त्याच वर्षीचा ‘लाइन्स ऑफ वेलिंग्टन’ही त्यांच्याच लेखणीतला. रुइझ यांच्या निधनानंतर त्यांच्या पत्नी वालेरिया सारमिएंतो यांनी तो दिग्दर्शित केला, म्हणजे दिग्दर्शक बदलला तरी लेखक तोच राहिला. १८०३ साली आमच्या जिल्ह्यातील असईला मराठी फौजांशी लढलेला इंग्रज सेनापती वेलस्ली तो हाच वेलिंग्टन. त्यामुळे कुतूहलाने चित्रपट पाहिला, तर सेनापती त्यात मोजकाच दिसतो, तोही स्वतःच्या रणचित्रांची फिकीर करताना. १८१० साली फ्रेंचांपुढे माघार घेत लिस्बनच्या रक्षणासाठी उभारलेल्या तोरेश व्हेद्राशच्या तटबंदीकडे निघालेले त्याचे सैन्य आणि त्यासोबत घरदार सोडून चाललेली माणसे, यांच्याभोवतीच कथा फिरते. ही निवड मला तरी पटकथेची वाटते.

आपल्या चित्रपटविषयक लेखांसोबत छापल्या जाणाऱ्या चौकटीत दिग्दर्शक आणि कलाकारांच्या जोडीला ‘पटकथा’ ही एक ओळ वाढवावी, ही विनंती.

आपला,
एक वाचक, जालना