वरचा एक डॉलर

प्रिय सई,

समोरचे अंकल गेले. मंगळवारी पहाटे, झोपेतच. तुला लगेच फोन करणार होते, पण परीक्षा चालू म्हणून बाबा नको म्हणाले.

पाच दिवस खाली व्हॉइड डेकवर, सिंगापुरातल्या इमारतींच्या तळाशी असते त्या मोकळ्या जागेत, मांडव होता. ‘सायकल चालवू नये’ या पाटीखाली तू सायकल शिकलीस ना, बरोब्बर तिथे शवपेटी. गोल टेबलं, शेंगदाणे, रात्रभर पत्ते कुटणारे म्हातारे. आपल्याकडे कुणी असे पत्ते मांडले तर काय गहजब होईल! पण गेलेल्या माणसाला रात्री एकटं ठेवायचं नसतं, आणि जागायला काहीतरी हवंच. चौथ्या मजल्यावरची माकचिक, आपली मलय मुस्लिम मावशी, तिथलं काही खायची नाही, पण रोज तासभर बसून जायची.

पाकीट भरताना माझा हात अडला. त्यांच्या मुलीच्या लग्नात आपण १०१ डॉलर दिले होते, आठवतं? वरचा एक शुभाचा म्हणून नाणं मीच हौसेने चिकटवलं होतं. चिनी लोकांत मंगलकार्याला सम आकडा. विषम द्यायचा तो मयताला. आंटी तेव्हा चकार शब्द बोलल्या नाहीत. वर्षभराने माकचिकने सांगितलं, तेव्हा मेल्याहून मेल्यासारखं झालं. या वेळी पांढऱ्या पाकिटात ५१ घातले. हातात घेताना नाणं लागलं तशा आंटी रडता रडता हसल्या. “धिस टाइम करेक्ट आह,” म्हणाल्या.

निघताना लाल दोरा देतात, तो घरी पोचायच्या आत टाकायचा असतो. आपलं घर लिफ्टने दोन मिनिटांवर! लिफ्टजवळच्या कचऱ्याच्या डब्यात टाकला.

मंडळातल्या एका काकूंनी मांडव उतरायच्या आत विचारलं, “ते घर विकणार का? भाचीला हवंय.” सरकारी इमारतींत कोणत्या वंशाची किती घरं, याचा १९८९पासूनचा कोटा त्यांना ठाऊक नाही असं थोडंच आहे! आपल्या ब्लॉकमधला भारतीयांचा वाटा केव्हाच भरलाय. चिनी माणसाचं घर भारतीयाला मिळायचं नाही. म्हणून तर आपणही तमिळ कुटुंबाकडूनच घेतलं. सात घरं बघून तू रडकुंडीला आली होतीस, मीही त्या नियमाला शिव्या घातल्या होत्या. आता घालवत नाहीत.

अंकलच्या कुंड्यांना बाबा पाणी घालतात. लिंबाला तीन लिंबं धरलीत. आंटींना किती तोडून द्यायची, ते आधी माकचिकला विचारेन.

तुझी,
आई