मुलाखतीआधी पात्रता ठरवा : उच्च शिक्षणमंत्र्यांना खुले पत्र

प्रति,
मा. मंत्री, उच्च व तंत्रशिक्षण,
मंत्रालय, मुंबई

महोदय,

सहायक प्राध्यापकाची जाहिरात निघाली की आम्हा सीएचबीवाल्यांच्या, म्हणजे तासाच्या मानधनावर शिकवणाऱ्यांच्या, ग्रुपवर पहिला प्रश्न येतो, 'यावर स्टे येणार का?' जागा किती, आरक्षण कुठले, हे नंतर. मी मुंबईत दोन महाविद्यालयांत तासिका तत्त्वावर शिकवतो आणि हा प्रश्न मलाही पडतो.

नियम सतत हलत राहिले, हे खरे. १९९१ला यूजीसीने, म्हणजे विद्यापीठ अनुदान आयोगाने, नेट-सेट ही पात्रता परीक्षा सक्तीची केली. २०१८च्या यूजीसी नियमांनी विद्यापीठ विभागांसाठी जुलै २०२१पासून पीएच.डी. सक्तीची केली, मग ती मुदत जुलै २०२३वर गेली आणि ती तारीख उजाडायच्या आदल्या दिवशी सक्तीच रद्द झाली. मधल्या काळात कुणी कर्ज काढून पीएच.डी.ला बसले असेल तर त्याचे नशीब. पण तो दिल्लीचा कारभार. तुमच्या हातात अर्जांची छाननी आहे आणि भांडणे बहुतेक तिथेच जन्मतात.

यूजीसीला 'संबंधित, सुसंगत किंवा संलग्न' विषयातली पदव्युत्तर पदवी चालते. संलग्न म्हणजे काय, हे ठरवायचे कुणी? वनस्पतिशास्त्र, प्राणिशास्त्र, सूक्ष्मजीवशास्त्र, जैवतंत्रज्ञान या सगळ्यांसाठी सीएसआयआरची (वैज्ञानिक व औद्योगिक संशोधन परिषदेची) नेट एकच, जीवविज्ञानाची. आता जैवतंत्रज्ञानात एम.एस्सी. केलेली मुलगी सूक्ष्मजीवशास्त्राच्या जागेला अर्ज करते. एक महाविद्यालय तिला मुलाखतीला बोलावते, दुसरे दारातून परत पाठवते. दोघांच्याही कागदावर कारण नसते, फक्त 'पात्र' किंवा 'अपात्र'. निवड झाली की मागे राहिलेला उमेदवार उच्च न्यायालयात रिट टाकतो. न्यायालये वारंवार सांगत आली आहेत की पदव्यांची समकक्षता ठरवणे हे आमचे नव्हे, तज्ज्ञांचे काम. आणि तज्ज्ञांनी काय ठरवले म्हणून फाईल उघडावी, तर आत एक सही.

तोवर वर्षे जातात. राजस्थान विद्यापीठातल्या सहायक प्राध्यापकांच्या निवडीचा वाद सर्वोच्च न्यायालयात १९९३ साली निकाली निघाला. पात्रता अर्जाच्या शेवटच्या तारखेला असायला हवी, निवड समितीच्या बैठकीच्या दिवशी नव्हे, असे न्यायालयाने बजावले. निवड बेकायदा ठरली. तरी ती रद्द झाली नाही, कारण निवडलेल्यांची नोकरी आठ वर्षांच्या घरात पोचली होती. याचिका करणारा बरोबर होता. जागा मात्र गेलीच.

लांब कशाला? आपल्या मुंबई विद्यापीठात २०१० साली नेमलेल्या कुलगुरूंच्या शोधनिबंधांवरून झालेला पात्रतेचा वाद उच्च न्यायालयात निकाली निघेपर्यंत डिसेंबर २०१४ उजाडला. न्यायालयाने पात्रतेचा फेरविचार करायला सांगितला, तेव्हा पाच वर्षांच्या मुदतीतले काही महिनेच उरले होते.

म्हणून मागणी एवढीच. कोणते विषय संलग्न धरणार, ते जाहिरातीतच छापा. भरती सुरू झाल्यावर पात्रतेचे निकष मध्येच बदलता येत नाहीत, असे सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने ७ नोव्हेंबर २०२४ रोजी सांगितले आहे, तेव्हा ही यादी मागाहून काढून उपयोग नाही. छाननीनंतर प्रत्येक नावापुढे कारण लिहून यादी संकेतस्थळावर लावा, हरकतींना पंधरा दिवस द्या आणि विषयतज्ज्ञांचा लेखी निर्णय झाल्याशिवाय मुलाखतीचे पत्र काढू देऊ नका. आस्थापना विभाग म्हणेल, एवढी माणसे कुठून आणायची? तिथल्याही जागा रिकाम्या असतात, हे मान्य. पण न्यायालयात प्रतिज्ञापत्रे करायला माणसे मिळतात की!

नोकरीतून काढलेल्या प्राध्यापकाला निदान न्यायाधिकरण आहे. उमेदवाराला थेट वकील गाठावा लागतो, आणि सीएचबीच्या मानधनात, तेही कित्येक महिने उशिरा हाती पडणाऱ्या, फोर्टातला वकील परवडत नाही.

विद्यापीठांना तसे निर्देश देणारा शासन निर्णय पुढची जाहिरात निघण्याआधी काढावा, ही विनंती.

आपला,
सेट उत्तीर्ण, तासिका तत्त्वावरील एक प्राध्यापक
मुंबई