क-प्रत बघायला किती वेळ लागतो?

मा. संपादक,
स. न.

कालच्या अंकात जमिनीच्या वादातला गुन्हा उच्च न्यायालयाच्या खंडपीठाने रद्द केल्याची बातमी वाचली. मथळ्यात ‘शेतकऱ्याला दिलासा’ असं आहे. हा शब्द रात्रभर डोक्यातून गेला नाही, म्हणून सकाळी लिहायला बसलो. असाच दिलासा आमच्या घराला २०२४ मध्ये मिळाला. गुन्हा २०१८ चा होता.

आमचा वाद भावकीतला, बांधावरचा. मे २०१८ मध्ये रीतसर पैसे भरून हद्द कायम मोजणी करून घेतली. भूकरमापकांनी खुणा दाखवल्या, तिथे आम्ही दगड रोवले, मोजणीच्या नकाशाची क-प्रत हातात आली. पंधरा दिवसांत शेजाऱ्याने ट्रॅक्टर घालून दगड उपटले आणि बांध मोडून पाच फूट आत नांगरलं. मी क-प्रत घेऊन ठाण्यात गेलो. ठाणे अंमलदारांनी तिची घडीसुद्धा उलगडली नाही. “काका, ही दिवाणी बाब आहे, तुम्ही कोर्टात जा,” म्हणाले. मी ऐकलं. कोर्टात दावा लावला, बांध पुन्हा घातला आणि पेरणी केली.

ऑक्टोबरात आम्ही पेरलेलं सोयाबीन आम्ही काढलं. तिसऱ्या दिवशी त्याच ठाण्यात आमच्यावर गुन्हा दाखल झाला. कलमं ३७९, ४४७, ४२७, ५०४, ५०६. म्हणजे आम्ही स्वतःच्या रानातलं पीक चोरलं. आरोपी तीन : मी, बावीस वर्षांचा मुलगा आणि साठी ओलांडलेली माझी विधवा वहिनी. ती त्या दिवशी खळ्यावर ताडपत्री झाडत होती. फिर्यादीत मात्र तिने विळा उगारून जिवे मारण्याची धमकी दिली असं लिहिलंय. मे महिन्यात जे दिवाणी होतं, ते ऑक्टोबरात फौजदारी कसं झालं, याचं उत्तर मला आजवर कुणी दिलेलं नाही.

पुढे अटकपूर्व जामीन, दर रविवारी ठाण्यात हजेरी, दोषारोपपत्र, तालुक्याच्या कोर्टात तारखा. गुन्हा रद्द करावा म्हणून उच्च न्यायालयात कलम ४८२ खाली अर्ज केला, मध्ये करोना आला. या सगळ्यात एक बैलजोडी आणि वहिनीच्या पाटल्या गेल्या, ते मी सोसलं. मुलाचं झालं ते सोसवत नाही. तो पहाटे चारला उठून डांबरीवर पळायचा. करोनानंतरच्या पोलिस भरतीत त्याचं मैदानी निघालं, लेखी निघालं. चारित्र्य पडताळणीच्या फॉर्मवर ‘आपल्याविरुद्ध गुन्हा दाखल आहे काय’ असा रकाना असतो. त्याने खरं ते लिहिलं. नेमणूक आली नाही. गुन्हा रद्द झाला तोवर त्याचं भरतीचं वय निघून गेलं होतं. आज तो दुसऱ्याच्या पिकअपवर ड्रायव्हर आहे. खंडपीठाच्या आदेशाची प्रत आणली तेव्हा त्याने ती वाचली आणि काही न बोलता माझ्या हातात परत दिली.

न्यायालयांवर माझा राग नाही. भजनलाल खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९९० सालीच सांगून ठेवलं की सूडापोटी केलेली फिर्याद रद्द करता येते. दिवाणी भांडणाला फौजदारी रंग देऊ नका, हे २००६ मध्ये इंडियन ऑइलच्या प्रकरणात सांगितलं. एप्रिल २०२५ मध्ये तत्कालीन सरन्यायाधीश संजीव खन्ना यांनी उत्तर प्रदेशच्या पोलिसांना यावरूनच फटकारलं. इतकी वर्षं वरून हे सांगितलं जातंय, पण तालुक्याच्या ठाण्यापर्यंत ते पोचत नाही. तिथे फिर्यादी कुणाचा माणूस आहे, हे आधी पाहिलं जातं.

जमिनीचा प्रत्येक गुन्हा खोटा असतो असं मी म्हणत नाही. खोटं मुखत्यारपत्र करून किंवा मालकाच्या जागी भलताच माणूस उभा करून खरेदीखत होतं, तिथे गुन्हा दाखल झालाच पाहिजे. ‘दिवाणी बाब’ म्हणून अशा माणसाला हाकलून लावणं हाही तितकाच अन्याय आहे. पण हा फरक ओळखायला सहा वर्षं आणि खंडपीठ कशाला लागतं? १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या नागरिक सुरक्षा संहितेत, म्हणजे फौजदारी प्रक्रियेच्या नव्या कायद्यात, कलम १७३(३) आहे. तीन वर्षांपासून सात वर्षांच्या आत शिक्षा असलेल्या गुन्ह्यात उपअधीक्षकांची परवानगी घेऊन १४ दिवसांत प्राथमिक चौकशी करता येते. चोरीचं कलम यात बसतं. १४ दिवसांत तलाठ्याकडून सातबारा आणि पीकपाहणी, भूमी अभिलेखकडून क-प्रत मागवता येत नाही का? बांधावर उभं राहून दोन्ही बाजूंच्या चार माणसांना विचारता येत नाही का? आमच्या वेळी एवढं केलं असतं, तर कागद कोर्टात गेलाच नसता. भावकीच्या आणि बांधाच्या प्रत्येक फिर्यादीत ही चौकशी सक्तीची करा, एवढंच गृहखात्याकडे मागणं आहे.

आणखी एक, आणि हे तुमच्यासाठी. २०१८ मध्ये आमच्यावर गुन्हा दाखल झाला, तेव्हा तुमच्या तालुका पानावर तिघांची नावं, गाव, वयं छापून आली. वहिनीच्या माहेरी कळलं ते त्या बातमीवरून. २०२४ मध्ये मी आदेशाची प्रत घेऊन तुमच्या तालुका कार्यालयात दोनदा गेलो. ‘बघतो’ म्हणाले. चार ओळीसुद्धा आल्या नाहीत. ज्या पानावर गुन्ह्याची बातमी नावानिशी छापता, त्याच पानावर तेवढ्याच जागेत तो रद्द झाल्याचीही छापा. आदेशाची प्रत पुन्हा एकदा सोबत जोडली आहे.

मी २०१८ मध्ये लावलेला दावा अजून चालू आहे, म्हणून या पत्राखाली नाव छापू नये. बांधावर दगड नाहीत. यंदाही नांगर पाच फूट आत आला.

आपला,
एक वर्गणीदार शेतकरी, मराठवाडा