कागदाची टेबलं मांडणाऱ्या मॅडमना

मॅडम,

माझं फ्रेंच तोडकंमोडकं, तुम्हाला मराठी येत नाही. तरीही हे पत्र सगळ्यांसमोर लिहितेय, तुम्ही काय केलंत ते माझ्या माणसांना कळावं म्हणून.

अलेक्सांद्र त्रोनेर या कलादिग्दर्शकाच्या कामाचा अभ्यास करायला मी पॅरिसला आले होते. तुमच्या वाचनालयाआधी जिथे गेले तिथून काउंटरवरूनच परत पाठवलं. एका बाईंनी तर माझं वाक्य पुरं होण्याआधीच मागच्या माणसाला पुढे बोलावलं. तो अपमान अजून बोचतो.

तुम्ही मात्र आधी खुर्ची दिलीत. 'द अपार्टमेंट' या त्यानं सजवलेल्या सिनेमातल्या अफाट ऑफिसच्या फोटोपाशी मी अडले, तेव्हा रद्दीतले कागद कापून, दुमडून तुम्ही टेबलावर रांगा मांडल्यात. पुढचे तुकडे मोठे, मागचे लहान लहान होत गेलेले. मग गुडघ्यांवर बसलात, हनुवटी टेबलाला टेकवलीत आणि मलाही खुणेनं तसंच बसवलंत. एक डोळा मिटला आणि हातभर जागेत लांबच लांब दालन दिसायला लागलं! मागे छोटी टेबलं, त्यांच्यापाशी लहान चणीची माणसं, हीच त्रोनेरची युक्ती. १९६० च्या त्या सिनेमासाठी त्याला ऑस्कर मिळालं. कॉलेजात मी हेच विचारलं तर 'पुस्तकात आहे' एवढंच उत्तर मिळायचं.

बुडापेस्टहून १९२९ मध्ये आलेला हा ज्यू चित्रकार. 'ओतेल द्यु नोर' या सिनेमासाठी त्यानं पॅरिसचा सेंट-मार्टिन कालवाच स्टुडिओत उभारला. पुढे जर्मन अमलात लपून राहून 'ले झांफां द्यु पारादी' या सिनेमाचे सेट रेखाटले, आणि कलादिग्दर्शक लेओं बार्साक यांनी जोखीम पत्करून ते उघडपणे उभे केले. १९४५ मध्ये सिनेमा लागला तेव्हा श्रेयनामावलीत त्रोनेरचंही नाव होतं, भूमिगत राहून केलेलं काम असा उल्लेख करून. ही हकिगत तुम्हीच सांगितलीत, बार्साकांचं नाव दोनदा उच्चारून. दुसऱ्याच्या मेहनतीवर आपलं नाव चढवणारे आमच्या धंद्यात पैशाला पासरी आहेत. ज्याचं काम त्याचं नाव, इतका साधा सरळपणा पाहिला की माणसांवरचा विश्वास परत येतो.

वाचनालय बंद व्हायची वेळ टळून गेली होती, किल्ल्या घेऊन माणूस दारात ताटकळला होता, तरी तुम्ही घाई केली नाहीत. त्या दिवशी 'मेर्सी'पलीकडे मला काही बोलताच आलं नाही. म्हणून आज लिहितेय. मनापासून आभार, मॅडम.